आव म्हणून चौदा महिने: शौचाच्या तपासणीचं एक प्रकरण

बीड जिल्ह्यातल्या एका गावच्या अंगणवाडी मदतनीस बाईंचं हे प्रकरण आहे. ओळख पटू नये म्हणून नाव, गाव, दवाखाने आणि लॅब यांचा उल्लेख केलेला नाही. प्रकरण लिहिण्याचं कारण असं की या बाईंची शौचाची तपासणी एकदा नव्हे, चार वेळा झाली होती. तपासणी झाली नाही म्हणून निदान चुकलं असं इथे नाही. तपासणी झाली आणि तिच्यामुळेच निदान लांबलं.

पार्श्वभूमी

वय ३४. घरी नवरा, सासूबाई, दोन मुलं. दीड एकर कोरडवाहू, त्यात सोयाबीन आणि थोडी तूर. नवरा दिवाळीनंतर ऊसतोडीच्या टोळीबरोबर कारखान्यावर जातो, बाई अंगणवाडीमुळे गावातच राहतात. पाणी बोअरचं. मार्चनंतर टँकरचं, ते सिमेंटच्या हौदात साठवायचं. त्यामुळे कुणाचं पोट बिघडलं की ‘पाण्यानं झालं’ हे उत्तर गावात तयार असतं, आणि बहुतेक वेळा ते खरंही असतं.

सुरुवात जूनमध्ये, पहिल्या पावसाच्या सुमाराला झाली. दिवसातून तीन-चार वेळा शौचाला, त्याआधी बेंबीखाली मुरडा, शौचात शेंबडासारखा चिकट भाग, आठवड्याभरात रक्ताच्या रेषा. गावाकडे याला एकच नाव आहे: आव. सासूबाईंनी कुड्याच्या सालीचा काढा दिला, भाकरी बंद करून ताक-भात सुरू केला. आठ दिवसांनी तालुक्याच्या गावी दाखवलं. डॉक्टरांनी ‘स्टूल रूटीन’ लिहून दिलं आणि लॅबने ‘एन्टअमीबा हिस्टोलिटिकाचे सिस्ट दिसले’ असा रिपोर्ट दिला, म्हणजे आव करणाऱ्या अमीबाची कवचातली, सुप्त अवस्था दिसली. मेट्रोनिडाझोल ४०० मिलिग्रॅम, दिवसातून तीनदा, सात दिवस. चौथ्या दिवशी आराम पडला. तीन आठवड्यांनी परत तेच.

पुढचे चौदा महिने याच चाकोरीत गेले. तीन डॉक्टर, दोन लॅब, चार रिपोर्ट. मेट्रोनिडाझोलचे सहा कोर्स, ऑफ्लॉक्सासिन-ऑर्निडाझोलचे दोन. मध्येच रक्त जातंय म्हणून मूळव्याधीचं मलम. तिसऱ्या रिपोर्टनंतर घरातल्या पाचही जणांना गोळ्या दिल्या गेल्या. ‘सिस्ट’ हा शब्द अंगणवाडीपर्यंत पोचला आणि मुलांची खिचडी शिजवण्याचं काम बाईंकडून काढून घेतलं गेलं. तो निर्णय काळजीपोटी घेतला होता, कारण अमीबाचे सिस्ट खरोखरच हातावाटे अन्नात जातात. पण ज्या रिपोर्टच्या आधारावर तो घेतला तो रिपोर्टच टिकण्यासारखा नव्हता.

दुसऱ्या वर्षी ऑगस्टमध्ये बाई उपजिल्हा रुग्णालयात आल्या त्या पोटासाठी नव्हे, चक्कर येते म्हणून. वजन ५२ वरून ४५ किलो. हिमोग्लोबिन ९.१. ताप नाही, नाडी ८६.

अडचण नेमकी कुठे होती

वैद्यकीय अधिकाऱ्यांनी चारही रिपोर्ट टेबलावर शेजारी शेजारी मांडले आणि औषध लिहिण्याआधी दोन प्रश्न विचारले. पहिला: “ताई, रात्री झोपेतून उठून जावं लागतं का?” उत्तर आलं, “लागतं की. दोनदा तरी. अंधारात लेकीला उठवून सोबत नेते.” दुसरा प्रश्न: “सॅम्पल कशात नेलं होतं, आणि किती वाजता?”

पहिल्या उत्तराने आजाराची दिशा बदलली. चिडका आतडा किंवा नुसतं खाण्यापिण्याचं बिघडणं सहसा माणसाला गाढ झोपेतून उठवत नाही. रात्रीची शौच, रक्त, वजन घटणं आणि रक्त कमी होणं या चार गोष्टी एकत्र आल्या की मोठ्या आतड्याला सूज आहे असं धरूनच पुढे जावं लागतं.

दुसऱ्या उत्तराने रिपोर्टची किंमत कळली. सॅम्पल पहाटे साडेपाचला घेतलेलं. खोकल्याच्या औषधाची रिकामी बाटली धुऊन त्यात भरलेलं, म्हणजे तळाशी पाण्याचे थेंब. सातच्या वडापने तालुक्याला, लॅब उघडणार दहाला, तपासणी बाराच्या आसपास. चौथा रिपोर्ट मे महिन्यातला होता आणि त्यात ‘ट्रोफोझॉइट दिसले’ असं लिहिलं होतं. ट्रोफोझॉइट म्हणजे अमीबाची जिवंत, हलणारी अवस्था. पातळ शौचात ती शरीराबाहेर अर्ध्या तासाच्या पुढे फारशी टिकत नाही, म्हणूनच पातळ सॅम्पल अर्ध्या तासात आणि मऊसर सॅम्पल तासाभरात बघायचा नियम आहे. त्यात पाणी लागलं तर ती आणखी लवकर फुटते. मेच्या उन्हात सहा तास राहिलेल्या, ओल्या बाटलीतल्या सॅम्पलमध्ये ट्रोफोझॉइट ओळखता आले असतील यावर विश्वास ठेवणं अवघड आहे.

मग स्लाइडवर दिसलं काय असेल? बहुधा बाईंच्या स्वतःच्याच पेशी. सुजलेल्या आतड्यातून पस सेल्स, म्हणजे पुवातल्या पांढऱ्या पेशी, आणि मॅक्रोफेज नावाच्या मोठ्या पेशी शौचात उतरतात. मॅक्रोफेज आकाराने ट्रोफोझॉइटएवढी असू शकते आणि तीसुद्धा लाल पेशी गिळते. फरक बारकाव्यात असतो. मॅक्रोफेजचं केंद्रक मोठं असतं, अमीबाचं लहान गोल आणि मध्ये ठिपका असलेलं. जिवंत अमीबा पारदर्शक पाय पुढे काढून एका दिशेला सरकतो, मॅक्रोफेज जागची हलत नाही. मेलेल्या सॅम्पलमध्ये ही सरकण्याची खूणच उरत नाही. सिस्टचंही तसंच: आयोडीन न घालता, नुसत्या सलाइनमध्ये पाहिलं तर सुजलेली पस सेल आणि सिस्ट यांत गल्लत सहज होते. आयोडीनमध्ये सिस्टची केंद्रकं मोजता येतात: हिस्टोलिटिकाची एक ते चार, निरुपद्रवी एन्टअमीबा कोलायची आठपर्यंत.

बाईंच्या शौचात खरोखर सिस्ट होते असं धरलं, तरी प्रश्न सुटत नाही. एन्टअमीबा डिस्पार नावाचा एक अमीबा आहे. त्याचे सिस्ट हिस्टोलिटिकासारखेच दिसतात, सूक्ष्मदर्शकाखाली दोन्ही वेगळे करता येत नाहीत, आणि डिस्पार आजार करत नाही. म्हणून १९९७ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञांच्या बैठकीने सांगितलं की सूक्ष्मदर्शकाने पाहिलेल्या अशा सिस्टचा रिपोर्ट ‘हिस्टोलिटिका/डिस्पार’ असाच द्यावा. इथे चारही रिपोर्टमध्ये डिस्पारचा उल्लेख नव्हता.

आणखी एक खूण चारही रिपोर्टमध्ये छापलेली होती, पण कुणी वाचली नव्हती. पस सेल्स: २५ ते ३०, भरपूर. अमीबाच्या आवेत लाल पेशी पुष्कळ आणि पस सेल्स त्या मानाने कमी असतात, कारण अमीबा पांढऱ्या पेशी नष्ट करतो. चौदा महिने, दर वेळी पस सेल्सचा खच, हे चित्र अमीबाचं नव्हे.

यात लॅबमधल्या माणसावर खापर फोडून भागणार नाही. तालुक्याच्या लॅबमध्ये एकच माणूस रक्त, लघवी, शौच सगळं पाहतो, आणि शौचाची तपासणी सर्वांत स्वस्त म्हणून तिला सर्वांत कमी वेळ मिळतो. शिवाय चिठ्ठीवर ‘आव’ लिहून आलेलं असताना ‘काही दिसलं नाही’ असा रिपोर्ट देणं जड जातं. डॉक्टरांनाही सिस्टचा रिपोर्ट सोयीचा असतो, कारण त्यावर औषध तयार आहे. औषधाने थोडं बरंही वाटतं. आतड्याच्या सुजेचे काही आजार आपोआप वर-खाली होतात, त्यामुळे दर कोर्सनंतरचा आराम औषधाच्या खात्यावर जमा होत गेला.

कोणते पर्याय होते

एक, आणखी एक कोर्स, पण या वेळी पूर्ण. मेट्रोनिडाझोल आतड्याच्या भिंतीतल्या अमीबावर चालतं, आतड्याच्या पोकळीतल्या सिस्टवर नीट चालत नाही. त्यामुळे खऱ्या अमीबाच्या आवेत त्यानंतर डायलोक्सानाइड फ्युरोएट ५०० मिलिग्रॅम दिवसातून तीनदा, दहा दिवस द्यावं लागतं. बाईंना ते एकदाही दिलं गेलं नव्हतं, म्हणून हा पर्याय वरवर पटणारा होता. त्यावर फुली मारली ती दोन कारणांनी. रात्रीच्या शौचेचं आणि पस सेल्सचं उत्तर त्यात नव्हतं. आणि बाईंनी सहज बोलताना सांगितलं की दोन्ही तळपायांना मुंग्या येतात, चप्पल निसटली तरी कळत नाही. सहा कोर्स म्हणजे ४०० × ३ × ७ × ६, एकूण ५०.४ ग्रॅम मेट्रोनिडाझोल. एकूण मात्रा ४२ ग्रॅमच्या पुढे गेली की नसांना इजा होण्याचा धोका स्पष्ट वाढतो. औषध तिथेच थांबवलं.

दोन, सूज आहेच तर स्टेरॉइड सुरू करून बघणं. हा पर्याय धोक्याचा. खरोखर अमीबा असेल आणि स्टेरॉइड दिलं, तर आतडं फुगून फाटण्यापर्यंत वेळ येऊ शकते. आतड्याचा क्षयही आपल्याकडे विसरून चालत नाही. आधी संसर्ग बाजूला काढायचा, मगच सूज दाबायची, हा क्रम उलटा करता येत नाही.

तीन, शहरातल्या खासगी लॅबचं मोठं पॅकेज. नात्यातल्या एकाने मोबाइलवर ‘पोटातल्या जिवाणूंचा संपूर्ण नकाशा’ देणाऱ्या चाचणीची जाहिरात दाखवली होती, नवरा त्यासाठी उसने पैसे काढायला तयार होता. त्यांना स्पष्ट सांगितलं गेलं की आतड्यातल्या जिवाणूंची यादी मिळाली तरी रक्त कुठून येतं ते कळत नाही, आणि त्या यादीवरून ठरेल असं कोणतंही औषध इथे नाही.

चार, शौचातलं कॅलप्रोटेक्टिन. पांढऱ्या पेशींतलं हे प्रथिन शौचात वाढलं म्हणजे आतड्याला सूज आहे. साधारण ५० मायक्रोग्रॅम प्रति ग्रॅमच्या आत असेल तर सूज असण्याची शक्यता कमी, २५० च्या वर गेलं तर बरीच. चाचणी चांगली आहे, पण या टप्प्यावर ती केली नाही. आकडा काहीही आला असता तरी कोलोनोस्कोपी, म्हणजे दुर्बिणीने मोठं आतडं आतून पाहणं, टळणार नव्हती, आणि जिच्या उत्तराने निर्णय बदलत नाही ती चाचणी ऊसतोड करणाऱ्या घराच्या पैशातून करणं योग्य नाही. पुढे ती उपयोगी पडली, ते नंतर येईल.

पाच, शौचाची तपासणी पुन्हा एकदा, पण नीट. आणि सोबत कोलोनोस्कोपी. हा मार्ग ठरला.

एक अडचण मात्र खरी होती. शेवटची ऑर्निडाझोलची गोळी पाच दिवसांपूर्वी घेतलेली. अशा औषधानंतर परजीवी शोधायचे तर साधारण दोन आठवडे थांबणं बरं, नाहीतर ‘दिसले नाहीत’ या उत्तराला अर्थ उरत नाही. थांबावं की नाही हे ठरवताना आजार किती तीव्र आहे ते तपासलं. दिवसाला सहा किंवा जास्त वेळा रक्ताची शौच आणि जोडीला नाडी ९० च्या वर, ताप ३७.८ अंश सेल्सियसच्या वर, हिमोग्लोबिन १०.५ च्या खाली किंवा ईएसआर (शरीरातली सूज दाखवणारी रक्ताची तपासणी) ३० च्या वर, यांपैकी एक जरी असेल तर रुग्णाला थेट भरती करायचं. बाईंचं हिमोग्लोबिन त्या रेषेखाली होतंच, पण शौच दिवसाला चार-पाच वेळा. म्हणून नऊ दिवस थांबायचं ठरलं. सहावी शौच झाली, ताप आला किंवा पोट फुगलं तर त्याच रात्री यायचं, असं नवऱ्याला बजावलं आणि कागदावर लिहूनही दिलं.

प्रत्यक्ष काय केलं

पहिला बदल साधा होता. सॅम्पल घरून आणायचंच नाही. बाईंना सकाळी आठला रुग्णालयात बोलावलं, तिथल्याच संडासात सॅम्पल घेतलं. शौचाची घाई हीच ज्यांची तक्रार, त्यांना तासभर थांबूनही जावं लागतंच. तीन सॅम्पल, एक दिवस आड, म्हणजे पाच दिवसांत तीन खेपा. नवऱ्याचा मित्र मोटारसायकलवर आणून सोडायचा.

सॅम्पल कसं द्यायचं हे सिस्टरने करून दाखवलं, कारण खरी चूक इथेच होते. आधी लघवी करून घ्यायची, म्हणजे ती मिसळत नाही. भारतीय पद्धतीच्या भांड्यावर कोरडा प्लास्टिकचा पसरट डबा किंवा घडी घातलेला वर्तमानपत्राचा कागद धरायचा. भांड्यातल्या पाण्यातून उचललेलं चालत नाही. रुंद तोंडाच्या, झाकणालाच चमचा असलेल्या डबीत जिथे शेंबूड किंवा रक्त दिसतं तो भाग घ्यायचा, कडेचा घट्ट भाग नव्हे. घट्ट असेल तर सुपारीएवढं, पातळ असेल तर दोन छोटे चमचे. डबी अर्ध्याच्या वर भरायची नाही. गॅस धरतो आणि झाकण उघडताना उडतं. डबीवर, झाकणावर नव्हे, नाव, तारीख आणि घेतल्याची वेळ. झाकणं अदलाबदल होतात.

टेक्निशियनने वीस मिनिटांच्या आत स्लाइड लावली. एका बाजूला ०.८५ टक्के सलाइनचा थेंब, दुसऱ्या बाजूला आयोडीनचा. दोन्हींत काडीच्या टोकावर मावेल एवढंच शौच मिसळलं. थर एवढा पातळ हवा की खाली छापील कागद धरला तर अक्षरं वाचता आली पाहिजेत. आधी १० च्या भिंगाने सगळी कव्हरस्लिप कडेकडेने, मग ४० ने. एका स्लाइडला आठ-दहा मिनिटं लागतात. रोजच्या गर्दीत ती कुणी देत नाही, म्हणून या तीन दिवशी हे काम ओपीडीची गर्दी सुरू होण्याआधी उरकलं.

तिन्ही सॅम्पलमध्ये पस सेल्स भरपूर, लाल पेशी भरपूर, मॅक्रोफेज दिसल्या. ट्रोफोझॉइट नाहीत, सिस्ट नाहीत, अंडी नाहीत. उरलेल्या शौचाचे तीन भाग केले. एक साधा, बर्फाच्या पॅकसह लसीच्या पेटीत, हिस्टोलिटिकाच्या अँटिजेन चाचणीसाठी. ही चाचणी हिस्टोलिटिका आणि डिस्पार वेगळे करते, पण सॅम्पल फॉर्मेलिनमध्ये घातलं तर ती चालत नाही. दुसरा कॅरी-ब्लेअर माध्यमात (त्यात जंतू वाटेत टिकतात), शिगेला-साल्मोनेला या जिवाणूंच्या कल्चरसाठी, म्हणजे ते वाढवून पाहण्यासाठी. तिसरा क्लॉस्ट्रिडिओइडिस डिफिसिलच्या टॉक्सिनसाठी. ही तपासणी अनेकदा विसरली जाते. आठ वेळा अँटिबायोटिक घेतलेल्या माणसात हा जंतू शोधलाच पाहिजे, आणि त्यासाठी सॅम्पल पातळच हवं. सगळं मेडिकल कॉलेजच्या प्रयोगशाळेत गेलं. चार दिवसांत तिन्ही उत्तरं निगेटिव्ह.

कोलोनोस्कोपीत एक खेप फुकट गेल्यासारखी झाली. आतडं साफ करण्याचं औषध दोन लिटर पाण्यात, अर्धं आदल्या संध्याकाळी आणि अर्धं सकाळी, बाईंनी नीट घेतलं होतं. पण रक्त कमी म्हणून सुरू असलेल्या लोहाच्या गोळ्या कुणी थांबवायला सांगितल्या नव्हत्या. लोहाने शौच काळी, चिकट होते आणि आतड्याच्या भिंतीला धरून बसते; त्या निदान पाच-सात दिवस आधी बंद करायला हव्या होत्या. त्या दिवशी खालचाच भाग दिसला, तेवढ्यातून बायोप्सी, म्हणजे तपासणीसाठी तुकडा, घेतली. वरचा भाग नऊ दिवसांनी.

दिसलं ते असं: गुदाशयापासून डाव्या बाजूच्या वळणापर्यंत आतडं सलग लाल, सुजलेलं, हात लागला की रक्त येणारं. त्यापुढे निरोगी. लहान आतड्याचं टोक स्वच्छ. बायोप्सीत ग्रंथींची मोडतोड, ग्रंथींमध्ये पू, क्षयाच्या गाठी नाहीत, खास रंग देऊनही अमीबा नाहीत. निदान: अल्सरेटिव्ह कोलायटिस, डाव्या बाजूचा. म्हणजे मोठ्या आतड्याच्या अस्तराला येणारी, संसर्गाची नसलेली, दीर्घकाळ चालणारी सूज.

काय निष्पन्न झालं

मेसालामाइन हे आतड्याची सूज उतरवणारं औषध २.४ ग्रॅम रोज तोंडावाटे, आणि रात्री मेसालामाइनचा ४ ग्रॅमचा एनिमा. एनिमाला बाईंची तयारी नव्हती. सासूबाई आणि मुलं असलेल्या दोन खोल्यांच्या घरात ते कसं घ्यायचं हा अगदी खरा प्रश्न होता. मुलं झोपल्यावर, डाव्या कुशीवर, खाली जुनं धडुतं घालून घ्यायचं ठरलं. पहिले चार दिवस पंधरा मिनिटंसुद्धा आत राहिना. दहाव्या दिवसापासून रात्रभर राहू लागला. लोह शिरेतून दिलं, कारण सुजलेल्या आतड्याला तोंडावाटे लोह झेपत नाही.

तिसऱ्या आठवड्यात रक्त थांबलं. आठव्या आठवड्यात दिवसाला एक-दोन वेळा बांधलेली शौच, रात्रीचं उठणं बंद. तीन महिन्यांनी हिमोग्लोबिन ११.२, वजन ४८. स्टेरॉइड लागलं नाही. पायांच्या मुंग्या कमी झाल्या, पण सगळ्यात हळू; सहा महिन्यांनीही अंगठ्यांना थोड्या होत्याच.

अंगणवाडीच्या पर्यवेक्षिकेसाठी वैद्यकीय अधिकाऱ्यांनी दोन ओळींचं पत्र दिलं: हा आजार संसर्गाचा नाही, अन्नातून पसरत नाही, स्वयंपाकाला हरकत नाही. खिचडीचं काम परत मिळालं.

पुन्हा उचल

फेब्रुवारीत नवरा कारखान्यावर होता, हातात पैसा कमी, आणि बाईंना बरं वाटत होतं. गोळ्या आधी निम्म्या केल्या, मग थांबवल्या. त्याच दिवसांत हरभरा काढणीने कंबर धरली म्हणून मेडिकलमधून डायक्लोफेनॅकच्या गोळ्या घेतल्या. अशी वेदनाशामकं आतड्याची सूज पुन्हा पेटवू शकतात, हे त्यांना कुणी सांगितलेलं नव्हतं. दोन आठवड्यांत रक्त दिसलं. बाई तालुक्याच्या जुन्या डॉक्टरांकडे गेल्या. स्टूल रूटीन झालं. रिपोर्ट: सिस्ट दिसले.

या वेळी मात्र फाइलच्या पहिल्या पानावर एक चिठ्ठी डकवलेली होती: ‘निदान अल्सरेटिव्ह कोलायटिस. त्रास वाढला तर संसर्गाची तपासणी करावी, पण सॅम्पल रुग्णालयातच द्यावं. नुसत्या सिस्टवर मेट्रोनिडाझोल देऊ नये, पूर्वी नसांना इजा झालेली आहे.’ बाईंनी ती डॉक्टरांपुढे ठेवली. त्यांनी वाचली आणि औषध न लिहिता परत पाठवलं.

उपजिल्हा रुग्णालयात ताजं सॅम्पल, अँटिजेन आणि टॉक्सिन दोन्ही निगेटिव्ह. कॅलप्रोटेक्टिन केलं, ते ७८० आलं. डायक्लोफेनॅकनेसुद्धा हा आकडा वाढतो, म्हणून गोळ्या बंद करून दोन आठवड्यांनी पुन्हा मोजलं: ६४०. सूज खरी होती. एनिमा आणि पूर्ण मात्रेत गोळ्या परत सुरू. तीन महिन्यांनी आकडा ११०. उपचार सुरू असलेल्या रुग्णात तो १५० च्या आत असला की सूज आटोक्यात आहे असं धरतात. अशा ठिकाणी ही चाचणी पैसे वाचवते, कारण प्रत्येक शंकेला कोलोनोस्कोपीसाठी गाव सोडावं लागत नाही.

वेगळं काय करता आलं असतं

पहिल्या वेळी अमीबा धरून औषध देण्यातही घाई होती. रक्ताची हगवण लागली तर आधी शिगेला या जिवाणूचा विचार करायचा असतो. अमीबाचं औषध द्यायचं ते लाल पेशी गिळलेला, हलणारा ट्रोफोझॉइट ताज्या स्लाइडवर दिसला तरच, किंवा शिगेलाच्या औषधांनी गुण आला नाही तर. तरीही पावसाळ्याच्या तोंडावर झालेली पहिली चूक समजण्यासारखी आहे. समजत नाही तो दुसरा कोर्स. तीन आठवड्यांत तोच त्रास परत आला, तेव्हा जुनी चिठ्ठी पुढे चालवण्याऐवजी रात्री उठावं लागतं का, वजन किती, हिमोग्लोबिन किती, एवढं विचारलं असतं तर एक वर्ष वाचलं असतं.

नऊ दिवस थांबण्याचा निर्णय निभावला, पण तो काठावरचा होता. हिमोग्लोबिन ९.१ असताना सहावी शौच कधीही झाली असती. अँटिजेनसाठी सॅम्पल पहिल्याच दिवशी पाठवायला हवं होतं. निगेटिव्ह आलं असतं तर त्याचा अर्थ मर्यादित राहिला असता, पण पॉझिटिव्ह आलं असतं तर लगेच कळलं असतं. आणि कोलोनोस्कोपीची तारीख त्याच दिवशी घ्यायला हवी होती. ती तपासण्या परत आल्यावर घेतली, तिथे आणखी अकरा दिवस गेले. दोन्ही कामं एकमेकांसाठी अडण्याचं कारण नव्हतं.

लोहाच्या गोळ्यांची चूक पूर्ण टाळता येण्याजोगी होती. आता तयारीच्या कागदावर ती ओळ सर्वांत वर आहे.

गोळ्या का थांबवायच्या नाहीत हे पहिल्याच वेळी नवऱ्यासमोर, ऊसतोडीला जाण्याआधी, बोलायला हवं होतं. मेसालामाइन तालुक्यात नेहमी मिळत नाही आणि पैसा हंगामानुसार येतो. दिवाळीच्या उचलीतून चार महिन्यांचं औषध एकदम घ्यायचं, असं आता ठरलं आहे. वेदनाशामकांबद्दल चिठ्ठीत एक ओळ वाढवली: कंबर दुखली तर पॅरासिटामॉल, बाकी काही नाही.

उपजिल्हा रुग्णालयाच्या लॅबने शौचाच्या रिपोर्टच्या छापील कागदात तीन रकाने वाढवले. सॅम्पल घेतल्यापासून तपासणीपर्यंत गेलेली मिनिटं. आयोडीनची स्लाइड केली का. आणि ट्रोफोझॉइट लिहिलं असेल तर त्यात गिळलेल्या लाल पेशी दिसल्या का. पहिल्या रकान्यात साठच्या वरचा आकडा आला आणि सॅम्पल पातळ असेल, तर रिपोर्ट न देता रुग्णाला नवी डबी दिली जाते. तालुक्यातल्या ज्या दोन लॅबमधून बाईंचे चार रिपोर्ट आले होते, त्यांनाही या कागदाची एकेक प्रत पाठवली आहे. त्यांपैकी एकीने तो वापरायला सुरुवात केली.